पाचचा चहा, दहाची झोप

वैजापूरच्या बसस्थानकावर संध्याकाळी ५ वाजता तुम्ही चहा घेतलात. त्यात ४० मिलिग्रॅम कॅफिन होतं असं धरू. निरोगी माणसाच्या रक्तातलं कॅफिन निम्मं व्हायला साधारण ५ तास लागतात; हा त्याचा अर्धायुकाल. म्हणजे रात्री १० वाजता २० मिलिग्रॅम उरलं, पहाटे ३ वाजता १०, सकाळी ८ वाजता ५. तोवर पुढचा कप हातात असतोच! दर वेळी उरलेल्याचं निम्मं जातं, म्हणून १० तासांत सगळं संपत नाही. हे काम यकृताचं. सिगारेट ओढणाऱ्यांत ते झपाट्यानं होतं. गरोदरपणाच्या शेवटच्या महिन्यांत मात्र अर्धायुकाल १५ तासांपर्यंत लांबू शकतो. तेव्हा पाचच्या चहातलं निम्मं कॅफिन सकाळी ८ वाजताही अंगातच असतं.