कर्णाचा वर्ग



‘कर्णाचा वर्ग म्हणजे काय?’ असं सरांनी विचारलं की मागच्या बाकावरून हळूच ‘दहावी ब!’ यायचं. हसून झालं की पायथागोरस पाठ व्हायचा. पण त्या बाजूला कर्ण का म्हणायचं, हे कुणीच विचारलं नाही.

कर्ण म्हणजे कान, हे कर्णफुलांमुळे ठाऊक. नावेच्या सुकाणूलाही संस्कृतात कर्ण म्हणतात, म्हणून कर्णधार. मग त्रिकोणात कान कुठून आला? मला पटणारा अर्थ असा: चौकोनाचे कोपरे कानांसारखे बाहेर आलेले, एका कानापासून समोरच्या कानापर्यंत दोरी ताणली की झाला कर्ण. दोरी उगाच म्हणत नाही. यज्ञवेदी आखायची शुल्बसूत्रं, त्यातला शुल्ब म्हणजे दोरीच. बौधायनाने हे प्रमेय सांगितलं तेही आयताच्या तिरप्या दोरीबद्दल (त्याचा शब्द वेगळा, अक्ष्णया). आणि ग्रीकांच्या हायपोटेन्यूजचा अर्थही ‘खाली ताणलेली’.

दहावीपर्यंत आपण मराठीत शिकलो. अकरावीत कल्याण-ठाण्याच्या कॉलेजांत हायपोटेन्यूज आणि डायगोनल समोर आले आणि आपल्यातल्या काहींनी त्या धाकानेच सायन्स सोडलं. त्यांची भूमिती माझ्यापेक्षा पक्की होती, हे मी आज त्यांच्यासमोर सांगतो. इंग्रजीत हे दोन शब्द. मराठीत दोन्हींना कर्णच. काटकोन त्रिकोण म्हणजे अर्धा आयत, हे आपल्या शब्दातच दिसतं. डोंबिवलीत आमच्या साइटवरचा गवंडी खोलीचे दोन्ही कर्ण मोजतो, सारखे भरले की म्हणतो, ‘गुण्यात आहे.’ त्याला प्रमेय पाठ नाही. पण दोरीवर तीन, चार, पाच फूट घेऊन काटकोन काढतो.

भास्कराचार्यांच्या लीलावतीत (इ. स. ११५०) हाच कर्ण आहे; सोबत भुज आणि कोटी, म्हणजे हात आणि धनुष्याचं टोक. कल्याणहून कसाऱ्याकडे जाणारी लांबची गाडी चाळीसगावला पोचवते. तिथून जवळ पाटणला १२०७ सालचा शिलालेख आहे. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला, त्याचा. मठाच्या देणग्यांचा तपशील त्यात चक्क मराठीत आहे. शाळा म्हटली की देणग्या आल्याच, हे आपल्या माजी विद्यार्थी मंडळाने लक्षात घ्यावं!

बाई, आता वर्ग सेमी इंग्रजी झालेत, ते ठीक. फक्त हायपोटेन्यूजशेजारी फळ्यावर एकदा ‘कर्ण’ लिहा आणि आयताची तिरपी रेषा काढून दाखवा. दोन मिनिटांचं काम आहे.

जाता जाता लीलावतीतलं एक गणित. सपाट जमिनीवर ३२ हात उंच वेळू वाऱ्याने मोडला आणि त्याचं टोक बुंध्यापासून १६ हातांवर टेकलं. तर किती उंचीवर मोडला? पंगत बसेपर्यंत वेळ आहे. १२ हात आलं तर बरोबर. मोडून तिरका पडलेला तुकडा २० हातांचा, तोच कर्ण.