मोहफुलाचा भाव

स्वित्झर्लंडमध्ये कोको पिकत नाही, तरी चॉकलेट म्हटलं की त्याच देशाचं नाव तोंडी येतं. कोको घाना, आयव्हरी कोस्टचा. पैसा मात्र भाजणाऱ्या-घोटणाऱ्या कारखान्यांचा. चंद्रपूर-गडचिरोलीच्या मोहाचंही काहीसं असंच आहे. मार्च-एप्रिलात भल्या पहाटे वेचलेली, रसानं टच्च भरलेली पिवळसर फुलं अंगणात वाळून मनुक्यासारखी तांबूस होतात. पावसाळी ओल लागली की ती बुरसतात. मग साठवणीची सोय नसलेलं घर ती उन्हाळ्यातच, आठवडी बाजारात मिळेल त्या भावाला देऊन मोकळं होतं. भाव पाडते ती ही घाई, फुलाची प्रत नव्हे.

कुणी म्हणेल, मोह म्हणजे दारूच, आणि गडचिरोलीत तर १९९३ पासून दारूबंदी! पण फूल काही जन्मतः दारू नसतं. त्याचे लाडू होतात, सरबत होतं. दुसरा आक्षेप अधिक वजनदार: स्विस कारखान्यांमागे भांडवल आहे, पिढ्यांची ख्याती आहे, मोह वेचणाऱ्या गावाच्या ग्रामसभेकडे काय? तिच्याकडे २००६ च्या वनहक्क कायद्यानं आलेली, मोह-बांबूसारख्या गौण वनोपजाची मालकी आहे. धानोरा तालुक्यातल्या मेंढा-लेखा गावानं २०११ मध्ये आपला बांबू आपणच विकून दाखवला. कारखाना राहू द्या. गावात एक कोरडं गोदाम असलं, तरी एप्रिलातलं फूल दिवाळीपर्यंत थांबू शकतं.