निविदा आणि न्यायासन

रायपूर शहरात तात्यापारा नावाची जुनी वस्ती आहे. छत्तीसगडी बोलीत 'पारा' म्हणजे आपली आळी; 'तात्या' हा शब्द तर मराठी माणसास समजावून सांगावयास नकोच. नागपूरकर भोसल्यांच्या अमलापासून या मुलखात मराठी कुटुंबे नांदत आली आहेत. १९३६ ते १९५६ या वीस वर्षांत येथील पक्षकार नागपूरच्या उच्च न्यायालयाची पायरी चढत. पुढे जबलपूरची, आणि १ नोव्हेंबर २००० पासून बिलासपूरची. या बिलासपूरच्या न्यायालयापुढे २०२५ साली जो प्रश्न आला, त्याविषयी आज बोलावयाचे आहे. सरकारने ठेका कोणास द्यावा, यात न्यायालयाने किती लक्ष घालावे?

राज्यातील शाळांना खेळाचे साहित्य पुरविण्यासाठी त्या वर्षी जुलैत निविदा मागविण्यात आल्या. त्यात एक अट अशी होती की, पुरवठादाराने मागील तीन वर्षांत छत्तीसगड सरकारच्याच खात्यांना निदान सहा कोटी रुपयांचा माल पुरविलेला असावा. अन्य राज्यांत कोणी कितीही मोठे काम केले असले, तरी येथे त्याची किंमत शून्य! विनिश्मा टेक्नॉलॉजीज या कंपनीने अटीस आव्हान दिले. उच्च न्यायालयाने अर्ज फेटाळला. परंतु ६ ऑक्टोबर रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती अट व त्या जाहिराती रद्द ठरविल्या. नक्षलग्रस्त प्रदेशात माल पोहोचविण्यास स्थानिक अनुभव हवा, हे सरकारचे म्हणणे टिकले नाही. खेळाचे साहित्य म्हणजे काही सुरक्षेची नाजूक सामग्री नव्हे आणि सारे राज्यही नक्षलग्रस्त नाही, असे न्यायालयाचे मत पडले.

या विचाराचे मूळ मुंबईच्या विमानतळावरील एका उपाहारगृहात सापडते. १९७७ च्या जानेवारीत विमानतळ प्राधिकरणाने तेथील द्वितीय श्रेणीचे उपाहारगृह व दोन अल्पोपाहार केंद्रे चालविण्यासाठी निविदा मागविल्या. अर्जदार द्वितीय श्रेणीचा नोंदणीकृत हॉटेलचालक असावा व त्यास पाच वर्षांचा अनुभव असावा, असे जाहिरातीत स्पष्ट म्हटले होते. ठेका मात्र मिळाला तो कँटीन चालविणाऱ्या एका संस्थेस. तिचा देकार सर्वांत मोठा होता, पण अशी नोंदणी तिच्यापाशी नव्हती. रमण दयाराम शेट्टी या खटल्यात १९७९ साली न्यायमूर्ती भगवती यांनी सांगितले, की सरकार हे खाजगी धनिकाप्रमाणे मर्जीस येईल त्यास देणगी वाटू शकत नाही; स्वतः घातलेली अट त्याला स्वतःलाही बांधते. अनुच्छेद १४ मधील समतेचा हा अर्थ त्यानंतर शेकडो निकालांत उद्धृत झाला आहे.

आता गंमत पाहा. तत्त्व जिंकले, परंतु शेट्टी हरले! त्यांनी स्वतः निविदा भरली नव्हती. ठेका मंजूर झाल्यावर पाच महिन्यांहून अधिक काळ लोटल्यावर ते न्यायालयात आले, आणि तोवर ठेकेदाराने सुमारे सव्वा लाख रुपये खर्चून व्यवस्था उभी केली होती. कृती बेकायदा, तरी ठेका कायम. सामान्य माणसास हे विचित्र वाटेल. मलाही ते पूर्णपणे पटते असे नाही. पण उशिराने आलेल्याच्या हाती उभे केलेले काम मोडण्याचे शस्त्र द्यावे काय, हा प्रश्नही खराच आहे.

न्यायालये हात आखडता घेतात, त्याला दुसरेही कारण आहे. १९९४ च्या टाटा सेल्युलर खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्वतःस बजावले की, आपण प्रशासनाच्या निर्णयावरचे अपील ऐकत नाही. निर्णय ज्या रीतीने झाला ती रीत तेवढी तपासतो. नागपूरच्या मेट्रोचे उदाहरण घ्या. एका भागीदारीचा पूर्वीच्या कामाचा अनुभव निविदेतील व्याख्येत बसतो की नाही, असा वाद होता. नागपूर खंडपीठाने तिच्या बाजूने कौल दिला. २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने तो फिरविला. ज्याने निविदा लिहिली, त्यालाच तिच्या गरजा अधिक उमगतात; त्याचा अर्थ मनमानी किंवा दुष्ट हेतूचा नसेल तर न्यायाधीशाने आपला अर्थ लादू नये, असे त्याचे सूत्र होते. पूल किती भार पेलेल, हे काही कायद्याच्या पुस्तकात सापडत नाही.

ओडिशातील जगदीश मंडल खटल्याने, २००६ साली, यात लोकहिताचाही प्रश्न घातला: निर्णय सदोष असला तरी त्यामुळे लोकांचे अहित होते काय? हे शब्द दुधारी आहेत असे मी म्हणेन. रस्ता रखडणे हे अहित. पण सहा कोटींच्या कुंपणाआड चार-दोन परिचित व्यापाऱ्यांनीच स्पर्धा करणे, हेही अहितच. महाग पडलेल्या चेंडूचे पैसे शेवटी सरकारी तिजोरीतून, म्हणजे तात्यापाऱ्यातील दुकानदाराच्या करातूनच जातात.

मुंबईचा अर्जदार आणि छत्तीसगडचा अर्जदार यांचे नशीब निराळे का ठरले, हे आता कळेल. दोघांचाही आधार समतेचाच. पहिला आला तेव्हा ठेकेदाराने पैसे ओतले होते. दुसऱ्याने जाहिरातीतील अटीलाच हात घातला आणि अवघ्या काही आठवड्यांत अखेरचे न्यायासन गाठले. छत्तीसगड सरकारला नव्याने निविदा मागविण्याची मुभा निकालात ठेवली होती. तोवर क्रीडासाहित्य लांबणीवर पडणार, हा भुर्दंड मात्र शाळेतल्या मुलांच्या वाट्यास आला. अट लिहिणाऱ्यास किंवा तिच्यावर सही करणाऱ्यास त्याची झळ लागत नाही.