खुंटीवरची चावी

(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यात केलेलं भाषण)



मी १९९६ च्या दहावीच्या बॅचची. ह्याच शाळेतून नाशिकला गेले, इंजिनिअर झाले आणि गेली वीस-बावीस वर्षं सॉफ्टवेअरमध्ये काम करते आहे. संयोजकांनी मला सांगितलं होतं, "ताई, मुलांना करिअरबद्दल चार शब्द सांगा." मी तयारीही तशीच केली होती. पण काल दुपारी शाळा सुटताना मी फाटकाशी उभी होते. झाडाखाली अकरा मोटारसायकली होत्या. शिक्षकांच्या चार गेल्या. उरलेल्या सातांवर गणवेशातली मुलं बसली. दोन गाड्यांवर तिघं-तिघं. हेल्मेट एकाच्याही डोक्यावर नाही. म्हणून करिअरचं भाषण बाजूला ठेवते. करिअर करायला आधी माणूस धड हवा.

आमच्या वेळी आम्ही पाड्यावरून पायी यायचो. सायकल असलेला मुलगा श्रीमंत. त्यामुळे तुमच्याकडे गाडी आली याचा मला आनंदच आहे. मी उपदेश करायला उभी नाही. मी जे सांगणार आहे त्यात चूक माझी आहे.

कामानिमित्त आम्ही काही वर्षं अमेरिकेत कॅलिफोर्नियात राहत होतो. माझी मुलगी तिथे गाडी शिकली. तिथे मोटार चालवण्याचा परवाना सोळाव्या वर्षी मिळतो हे ऐकून मला वाटलं होतं, किती सोपं आहे! पण तो एकदम मिळत नाही, हप्त्याहप्त्याने मिळतो. साडेपंधराव्या वर्षी अभ्यासक्रम आणि लेखी परीक्षा झाली की शिकाऊ परवाना. तो किमान सहा महिने वापरायचा. त्या काळात सहा तास प्रशिक्षकाबरोबर आणि पन्नास तास घरच्या मोठ्या माणसाबरोबर गाडी चालवायची. त्या पन्नासातले दहा तास रात्रीचे. हे तास पूर्ण झाले अशी सही आईबापांनी करायची. मग रस्त्यावरची परीक्षा. ती पास झाली की सोळाव्या वर्षी परवाना, पण तोही अर्धा. पहिलं वर्षभर रात्री अकरा ते पहाटे पाच एकट्याने गाडी चालवायची नाही. बरोबर मोठं माणूस नसेल तर वीस वर्षांखालचं कोणी गाडीत बसवायचं नाही. शाळा, नोकरी, आजारपण यांसाठी सवलत आहे, पण त्यासाठी सहीची चिठ्ठी जवळ हवी.

ही पद्धत कॅलिफोर्नियाने शोधलेली नाही. तीन पायऱ्यांची अशी पूर्ण व्यवस्था पहिल्यांदा न्यूझीलंडने १९८७ साली आणली. पुढे अमेरिकेतल्या राज्यांनी नव्वदच्या दशकात ती आपापल्या परीने घेतली. पायऱ्या तीनच : मोठ्याच्या देखरेखीखाली शिकणं, मग एकट्याने पण बंधनांसह, आणि शेवटी मोकळा परवाना.

यामागचं कारण साधं आहे. नव्या चालकाला सर्वांत जास्त धोका असतो तो एकट्याने गाडी चालवायला लागल्यानंतरच्या पहिल्या काही महिन्यांत. ब्रेक, क्लच, गिअर चार दिवसांत जमतं. पण समोरचा ट्रॅक्टर इंडिकेटर न देता वळणार आहे, वळणावर खडी सांडलेली असणार आहे, हे ओळखायला वेळ लागतो. तो अनुभव वयाने येत नाही, किलोमीटरने येतो. आणि धोका वाढवणाऱ्या दोन गोष्टी जगभर सारख्याच सापडल्या : रात्र, आणि बरोबरीची मुलं. मागे मित्र बसला की गाडी तीच राहते, चालवणारा मात्र बदलतो. म्हणून पहिल्या वर्षी फक्त ह्या दोन गोष्टी काढून घेतल्या. ज्या देशांनी हे केलं तिथे सोळा-सतरा वर्षांच्या मुलांचे अपघात कमी झाले.

आम्ही नवरा-बायकोने ते पन्नास तास वहीत लिहून पूर्ण केले. मी फार शिस्तीची आई आहे, असं मला वाटत होतं.

२०२२ च्या दिवाळीत मी सुट्टीवर उंबरठाण रस्त्यावरच्या आमच्या पाड्यावर आले. आईला ताप होता, गोळ्या संपल्या होत्या. भाऊ शेतावर. चावी नेहमीप्रमाणे खुंटीवर. भाच्याचं वय तेव्हा सोळा पूर्ण नव्हतं. तो म्हणाला, "आत्या, मी आणतो ना सुरगाण्याहून, अर्ध्या तासात येतो." मी खुंटीवरची चावी काढली आणि माझ्या हाताने त्याला दिली. वर म्हटलं, "सावकाश जा."

वाटेत त्याने मित्राला मागे घेतलं. परत येताना दिवस मावळला होता. वळणावर बारीक खडी होती. दुसऱ्या कोणाची गाडी नाही, कोणाची धडक नाही. गाडी घसरली, एवढंच. भाच्याचा पाय मोडला, तो तीन महिन्यांत बरा झाला. मागे बसलेल्या मुलाच्या कोपराचा चुरा झाला. सुरगाण्याहून नाशिकला नेलं, ऑपरेशन झालं, पट्टी बसवली. पण तो हात आजही पूर्ण सरळ होत नाही.

तो मुलगा रोज पहाटे पळायचा. त्याला पोलीस भरतीत उतरायचं होतं. त्याचे आईवडील दिंडोरीकडे द्राक्षाच्या बागांवर कामाला जातात. मी दवाखान्यात त्याच्या आईसमोर उभी राहिले तेव्हा ती मला एक शब्द बोलली नाही. नुसती माझ्याकडे बघत राहिली. चार शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. हे मी त्या मुलाला विचारूनच सांगते आहे. तो म्हणाला, "सांगा ताई, फक्त नाव नका घेऊ."

ज्या वर्षी माझ्या मुलीसाठी पन्नास तासांची वही होती, त्याच वर्षी माझ्या भाच्यासाठी "सावकाश जा" एवढं एकच वाक्य होतं. तिथला नियम मी पाळला, कारण तिथे दंडाची भीती होती. इथे आलं की "आपल्याकडे चालतं."

पण आपल्याकडेही चालत नाही. कायदा स्पष्ट आहे. मोटार वाहन कायद्यानुसार अठरा वर्षांखाली गाडी चालवता येत नाही. सोळाव्या वर्षी सवलत आहे ती फक्त ५० सीसीपर्यंतच्या, बिनगिअरच्या दुचाकीला, तीही पालकांच्या लेखी संमतीने आणि परवाना काढूनच. ती सवलत लूनाच्या जमान्यातली. आज दुकानात मिळणारी पेट्रोलची स्कूटर बहुतेक शंभर सीसीच्या वरची असते, म्हणजे सोळा वर्षांच्या मुलासाठी बेकायदाच. बॅटरीच्या गाडीला परवाना लागत नाही असं दुकानदार सांगतो. तेही सगळ्या गाड्यांना लागू नाही. जिची मोटर २५० वॉटच्या आत आणि वेग ताशी २५ किलोमीटरच्या आत, तिलाच ती सूट.

२०१९ च्या दुरुस्तीने कायद्यात १९९ क हे कलम आलं, इंग्रजीत ज्याला १९९ ए म्हणतात. अल्पवयीन मुलाने गाडी चालवताना गुन्हा केला, तर दोषी धरला जातो पालक किंवा गाडीचा मालक. २५,००० रुपये दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद. गाडीची नोंदणी बारा महिने रद्द. आणि त्या मुलाला पंचवीस वर्षांचा होईपर्यंत परवाना नाही. ज्याला पुढे ड्रायव्हर म्हणून पोट भरायचं आहे, पिकअप चालवायची आहे, त्याने हा पंचवीसचा आकडा लक्षात ठेवावा. "मला माहीत नव्हतं" हे पालकाला नुसतं म्हणून चालत नाही, सिद्ध करावं लागतं. खुंटीवर उघडी चावी टांगणाऱ्या घराने ते कसं सिद्ध करायचं?

१९ मे २०२४ च्या पहाटे पुण्यात कल्याणीनगरला सतरा वर्षांच्या मुलाच्या हातातल्या पोर्शे गाडीने दोन तरुण संगणक अभियंत्यांचा जीव घेतला. जामिनासाठी ३०० शब्दांचा निबंध लिहायला सांगितला म्हणून सारा देश चिडला होता. मीही चिडले. माझ्याच व्यवसायातली मुलं होती ती. मग रात्री अंथरुणावर पडल्यावर वाटलं, ती गाडी कोट्यवधींची आणि आपली सत्तर हजारांची. पण चावी देणारा मोठ्या माणसाचा हात तर सारखाच.

२०२२ साली भारतात रस्त्यांवर १,६८,४९१ माणसं गेली. शंभरातली चव्वेचाळीस दुचाकीवरची होती. म्हणजे हा प्रश्न पोर्शेचा कमी आणि आपल्याच गाडीचा जास्त आहे.

आता आपल्या परवान्याकडे बघा. अठरा पूर्ण झाले की शिकाऊ परवाना, तो सहा महिने चालतो. ह्या काळात गाडीला पुढे-मागे लाल अक्षरात एल लावायचा, आणि मोटारसायकलवर शिकवणाऱ्या परवानाधारकाखेरीज कोणालाही मागे बसवायचं नाही. हे नियमात लिहिलेलं आहे. तीस दिवसांनंतर परीक्षा देता येते. पास झालात की पक्का परवाना. त्या क्षणापासून रात्र, घाट, मागे मित्र, सगळं मोकळं. म्हणजे पहिली पायरी आहे, तिसरी आहे, मधली नाही.

आमच्या व्यवसायात नव्याने लागलेल्या मुलाला पहिल्या दिवशी चालू सर्व्हरचा पासवर्ड देत नाहीत. तो कितीही हुशार असो. आधी नुसतं बघायचं, मग चाचणीच्या मशीनवर काम, मग कोणाच्या तरी नजरेखाली खरं काम. हे मी कंपनीत शिकले असं मला वाटायचं. पण आमचे आजोबा हेच करायचे. पोराला आधी घराजवळ शेळ्या राखायला. मग मोठ्या भावाबरोबर गुरांमागे रानात. एकट्याला सगळी गुरं देऊन डोंगरापलीकडे पाठवायचे ते दोन पावसाळे गेल्यावर. गुरांच्या बाबतीत आपल्याला मधली पायरी माहीत होती. गाडीच्या बाबतीत आपण ती विसरलो.

तुम्ही म्हणाल, ताई, पुण्यात बसून बोलणं सोपं आहे. एसटी चुकली की दुसरी कधी येईल सांगता येत नाही. रात्री कोणाला साप चावला तर काय करायचं? परवाना काढायला नाशिक नाहीतर मालेगाव गाठायचं, म्हणजे एक दिवसाची मजुरी बुडाली. हे सगळं खरं आहे. म्हणून मी नुसतं "चावी देऊ नका" म्हणून खाली बसणार नाही. तीन गोष्टी मागते.

पहिली, पालकांकडे. अठरापर्यंत चावी खुंटीवर नको, कमरेला हवी. अडीअडचणीला गाडी लागली तर शेजारच्या मोठ्या माणसाला हाक मारा. मी त्या संध्याकाळी भावाला शेतावरून बोलावलं असतं तर आईच्या गोळ्यांना तासभर उशीर झाला असता, बस्स.

दुसरी, अठरा पूर्ण झालेल्या मुलांकडे. मधली पायरी सरकार देईल तेव्हा देईल, तोवर ती घरात करू या. परवाना हातात आल्यापासून पहिलं वर्षभर अंधार पडल्यावर गाडी नाही. मागे बरोबरीचा मित्र नाही. हेल्मेटशिवाय चावी नाही. आणि त्याआधी शिकताना मोठ्या माणसाबरोबर पन्नास तास, वहीत लिहून. खोटी सही तिथेही कोणी पकडत नाही. सही आपल्याच मुलासाठी असते.

तिसरी, आपल्याकडे, माजी विद्यार्थ्यांकडे. मुलींना एसटीचा पास मोफत आहे. मुलांना एक तृतीयांश भाड्यात मिळतो, पण काही घरांना तेही जड जातं. ज्यांना परवडत नाही अशा मुलांचे पास आपण मेळाव्याच्या शिल्लक निधीतून काढू. शाळेच्या वेळेला धरून एक वाढीव फेरी मिळावी म्हणून सगळ्यांच्या सह्यांचा अर्ज एसटीकडे देऊ. अर्ज मी लिहून आणला आहे, जेवणाच्या मंडपाजवळच्या टेबलावर आहे. सही केल्याशिवाय जिलेबी मिळणार नाही.

भाचा यंदा अठरा पूर्ण झाला. शिकाऊ परवाना काढला आहे. मागच्या महिन्यात त्याने मला एका वहीचा फोटो पाठवला : तारीख, वेळ, रस्ता, बरोबर कोण. सात तास झाले आहेत. शेवटच्या रकान्यात त्याच्या त्याच मित्राची आई ओळखीची म्हणून सही करते का, असं मी त्याला विचारलं. तो म्हणाला, "आत्या, मी जाऊन आलो त्यांच्याकडे. त्या म्हणाल्या, पन्नास होऊ देत, मग बघू."

त्या माऊलीने जी पायरी आखली, तीच आपण आपल्या घरात आखू या. एवढंच मागते आणि थांबते.