पाटाचे पाणी कोणी सोडले?

(संस्थेच्या वार्षिक समारंभात दिलेले भाषण)



आपल्या सभांतून स्पेनचा उल्लेख हमखास होतो. कुर्तुब्याची मशीद, ग्रॅनडाचा अलहम्ब्रा, जवळजवळ आठशे वर्षांची राजवट आणि शेवटी एक लांबलचक उसासा! मीही अशी भाषणे केली आहेत. दोन वर्षांपूर्वी आठवीच्या वर्गात मी याच थाटात बोलत होतो. १४९२ साली ग्रॅनडा पडले, पुढे मुसलमानांना तो देश सोडावा लागला, असे सांगून थांबलो. तेव्हा मागच्या बाकावरच्या एका मुलाने विचारले, "सर, ते गेल्यावर पाटाचे पाणी कोणी सोडले?"

मुलगा शेतकऱ्याचा, वडिलांबरोबर रात्री उसाला दारे धरणारा. माझ्याजवळ उत्तर नव्हते. पुस्तके चाळू लागलो आणि त्या शोधात एक गाव सापडले. आज त्या गावाची हकीकत आपल्यापुढे ठेवतो.

गावाचे नाव सालोब्रेन्या. स्पेनच्या दक्षिण किनाऱ्यावर, ग्रॅनडा प्रांतात, भूमध्य समुद्राला लागून आहे. वस्ती सुमारे बारा-तेरा हजार. एका उंच खडकावर पांढऱ्याशुभ्र घरांची उतरंड आणि माथ्यावर किल्ला. पायथ्याशी ग्वादाल्फेओ नदीने आणलेल्या गाळाची सपाट, सुपीक जमीन. या गाळाने समुद्रच मागे रेटला. किनाऱ्यावरचा एक मोठा खडक पूर्वी बेट होता, तो आज जमिनीला जोडला गेला आहे. नदीच्या नावातील 'ग्वाद' म्हणजे अरबी 'वादी'.

उत्तरेस सिएरा नेवाडा म्हणजे हिमाच्छादित पर्वत. त्याचे सर्वोच्च शिखर मुलासेन ३,४७९ मीटर उंच आहे. ग्रॅनडाचा सुलतान अबुल हसन याच्या नावावरून ते नाव पडले. हा पर्वत उत्तरेकडील थंड वारे अडवतो, त्यामुळे किनाऱ्यावर हिवाळ्यातही कडाका पडत नाही. पाऊस मात्र कमी. पण पर्वतावरचे बर्फ वितळते आणि ते पाणी नदीतून खाली येते. ऊन आहे, गाळ आहे, पाणी आहे. फक्त ते पाणी शेतात वळवणारा माणूस हवा!

तो माणूस कोठून आला? गाव फार जुने. रोमन काळातही तेथे वस्ती होती. इ. स. ७११ मध्ये तारिक स्पेनमध्ये उतरला. ७५५ मध्ये उमय्या घराण्यातील अब्दुर्रहमान जीव वाचवून आला तो सालोब्रेन्याच्या पश्चिमेस जवळच असलेल्या अल्मुन्येकार येथे. पुढच्या काळात या किनाऱ्यावर पूर्वेकडून एक पीक आले, ते म्हणजे ऊस.

मित्रहो, येथे आपला संबंध येतो. उसाच्या रसापासून खडीदार साखर करण्याची विद्या प्रथम भारतात विकसित झाली. तेथून ती इराणात, मग अरबांच्या हाती आणि त्यांच्याबरोबर स्पेनला गेली. आपली 'शर्करा' फारसीत 'शकर' झाली, अरबीत 'सुक्कर' झाली आणि स्पॅनिश लोक आज तिला 'आसूकार' म्हणतात. आपले 'नारिंग'सुद्धा याच वाटेने गेले. बाराव्या शतकात सेव्हिल येथील इब्नुल अव्वाम याने शेतीवर मोठा ग्रंथ लिहिला. त्यात जमीन, खत, पाणी आणि उसाची लागवड यांची माहिती आहे. शेतीचा अभ्यास हाही इल्मच, असे मानणारा तो काळ होता.

सालोब्रेन्याच्या किल्ल्यात ग्रॅनडाचे सुलतान आपल्याच भाऊबंदांना कैदेत टाकीत. सातव्या मुहम्मदाने आपला भाऊ युसूफ याला तेथे ठेवले होते. दंतकथा अशी की, १४०८ मध्ये युसूफला मारण्याचा हुकूम आला तेव्हा तो बुद्धिबळ खेळत होता. "हा डाव पुरा करू द्या," असे तो म्हणाला. डाव संपण्याआधी सुलतानच मरण पावल्याची बातमी आली आणि कैदी गादीवर बसला! डावाची गोष्ट खरी असो वा नसो. कैद आणि १४०८ चे राज्यारोहण हा इतिहास आहे. ज्या घरात भावाला तुरुंग मिळतो, त्या घराची भिंत बाहेरच्याने पाडण्याआधी आतूनच खचलेली असते, हेही आपण सांगायला हवे. १४८९ मध्ये गाव कास्तीलच्या ताब्यात गेले. पुढच्याच वर्षी शेवटचा सुलतान बोअब्दिल याने वेढा घालून पाहिला, पण उपयोग झाला नाही.

पुढे ग्रॅनडाच्या मुसलमानांवर धर्मांतराची सक्ती झाली. १५६७ मध्ये राजा दुसरा फिलिप याने अरबी भाषा, पेहराव आणि सार्वजनिक हमाम यांवर बंदी घातली. १५६८ मध्ये डोंगरी भागात बंड झाले, ते मोडून काढण्यात आले आणि हजारो कुटुंबे ग्रॅनडाच्या मुलुखातून हाकलली गेली. १६०९ ते १६१४ या काळात साऱ्या स्पेनमधून सुमारे तीन लाख लोक हद्दपार झाले.

आता त्या मुलाचा प्रश्न. पाटाचे पाणी कोणी सोडले?

काही ठिकाणी कोणीच सोडले नाही. डोंगरातील कित्येक वाड्या ओस पडल्या, रेशमाचा धंदा खालावला. राजाला दुसऱ्या प्रांतांतून शेतकरी आणून वसवावे लागले. जेथे नव्या माणसाने ते काम शिकून घेतले, तेथे पाट वाहता राहिला. अरबी भाषेवर बंदी आली, पण शतकानुशतकांच्या शेजाराने तिचे शब्द स्पॅनिश भाषेत आधीच मुरले होते. पाटाला ते आजही 'आसेकिया' म्हणतात. तो अरबी 'साकिया'. बंदीचा हुकूम बजावणारा 'आल्काल्दे' हा शब्दसुद्धा 'अल-काझी'वरून आलेला! आणि पाऊस पडावा असे वाटले, की स्पॅनिश शेतकरी 'ओहाला' म्हणतो. त्या शब्दात अल्लाहचे नाव आहे, हे त्याच्या ध्यानीही नसते.

ऊस या किनाऱ्यावर जवळजवळ हजार वर्षे टिकला. सालोब्रेन्याच्या ला कालेता वस्तीतील साखर कारखाना २००६ मध्ये बंद झाला. युरोपच्या मुख्य भूमीवरील उसाच्या साखरेचा तो शेवटचा कारखाना होता. आता त्या जमिनीत आवोकादो आणि आपल्या सीताफळाच्या कुळातील चिरिमोया ही फळे पिकतात. पीक बदलले, पाण्याची गरज बदलली नाही.

पालकहो, किल्ला गेला, गादी गेली, हुकूम देणारे आणि झेलणारे दोघेही गेले. राहिले ते हाताला येत असलेले काम आणि त्या कामाचे शब्द. म्हणून मुलांना कुर्तुब्याच्या कमानी जरूर दाखवा, पण त्यांना मोजमाप, मातीची परीक्षा, यंत्र आणि हिशेबही येऊ द्या. मुलींनाही येऊ द्या. दहावीनंतर तिचे दप्तर खुंटीला टांगू नका. पूर्वजांना काय येत होते हे सांगणे सोपे आहे. "तुला काय येते?" हा प्रश्न घरी रोज विचारला गेला पाहिजे.

त्या मुलाला मी हे सारे सांगितले. तो म्हणाला, "म्हणजे सर, ज्याला येत होते त्याने सोडले." माझ्या अर्ध्या तासाच्या भाषणाचे सार त्याने एका वाक्यात सांगितले!