तार एक, दर तीन



छत्रपती संभाजीनगर हे शहर औरंगाबाद म्हणून ओळखले जात होते, त्या १९७० च्या दशकात दूरध्वनी हे यंत्र बोलण्यापेक्षा वाट पाहण्याच्याच कामी अधिक येत असे. जुन्या मोंढ्यातल्या अडत्याने सकाळी मुंबईचा ट्रंक कॉल नोंदवावा, दिवसभर गादी सोडू नये आणि कॉल लागावा तो बाजार उठल्यावर. लागला, तरी एवढे ओरडावे लागे की त्याचा भाव मुंबईच्या आधी साऱ्या मोंढ्याला कळे. मध्येच तारेवर तिसऱ्याच कुणाच्या लग्नाची बोलणी ऐकू येत. ती ओसरून मुद्द्याला हात घालावा, तोच ऑपरेटर बजावी, 'तीन मिनिटे झाली!'

यावर हसावे, हे योग्यच. परंतु या विनोदाच्या पोटात एक दरपत्रक दडलेले होते. ऑर्डिनरी, अर्जंट आणि लाइटनिंग असे कॉलचे तीन वर्ण होते. अर्जंटला दुप्पट दर, लाइटनिंगला आठपट. तार एकच, परंतु आठपट मोजणारा रांग ओलांडून पुढे जाई. आई अत्यवस्थ असलेल्या शिक्षकाची निकड तिच्या नाडीवरून नव्हे, त्याच्या खिशावरून ठरे. स्वातंत्र्याच्या वेळी सुमारे ३५ कोटींच्या या देशात दूरध्वनी होते अवघे ८० हजारांच्या आसपास. उरलेल्यांना तक्रार करण्याचेही भाग्य नव्हते.

त्यांच्यासाठी व्यवस्था उभी केली ती शेजाऱ्याने. त्याचाच क्रमांक 'पी. पी.' ही दोन अक्षरे जोडून लोक आपल्या पत्त्याखाली लिहीत, आणि तो बिचारा जेवते ताट सोडून हाक मारायला जिना चढे. त्याचे दरपत्रक नव्हते. पुढे १९८० च्या दशकाच्या अखेरीस एसटीडीची पिवळी बूथे आली. रात्री अकरानंतर पाव दर. म्हणून वसतिगृहातली खेड्यांतली मुले झोप आवरत तिथे रांगेत उभी राहत. मात्र त्या रांगेत आठपट देऊन पुढे घुसण्याची सोय नव्हती!

आज प्रत्येकाच्या खिशात फोन आहे, असे अभिमानाने सांगितले जाते. पण रिचार्जची मुदत संपली की मजुराला घरून येणारा फोनही लागेनासा होतो. ऑपरेटर गेला, ट्रंक कॉल गेला. दरपत्रक तेवढे शिल्लक राहिले. निकड कोणाची मोठी, हे त्याने ठरवावे की जिना चढणाऱ्या त्या शेजाऱ्याने, एवढाच प्रश्न आहे.