केसकरांची आकाशवाणी

(उमरोळी येथील व्याख्यान)

डॉ. बाळकृष्ण विश्वनाथ केसकर १९५२ ते १९६२ या काळात केंद्रात माहिती व नभोवाणीमंत्री होते. या संगीतप्रेमी मराठी विद्वानाचे नाव चित्रपटगीतांचा वैरी म्हणूनच उरले. हा निवाडा अपुरा आहे. संस्थाने विलीन झाल्यावर आश्रय गमावलेल्या गवयांना आकाशवाणीने मानधन आणि देशभरचा श्रोता दिला. १९५२ साली संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला. लोकांच्या पैशाचा हा विनियोग उचितच होता.

चूक अन्यत्र झाली. चित्रपटगीतांना कात्री लागली, चित्रपटाचे नाव सांगणेही थांबले; तेव्हा निर्मात्यांनी परवाने काढून घेतले. श्रोता मात्र बांधलेला नव्हता. त्याने काटा फिरवून सिलोन लावले. तेथे १९५२ अखेरीस अमीन सयानींची ‘बिनाका गीतमाला’ सुरू झाली आणि जाहिरातीचा पैसा परदेशी केंद्राकडे गेला. १९५७ साली आकाशवाणीला ‘विविध भारती’ काढावी लागली.

मक्तेदारी पुरवठ्याची असते, आवडीची नव्हे. अभिजात संगीत झोपडीपर्यंत पोचविणे हे शासनाचे कर्तव्य. झोपडीने काय ऐकू नये हे ठरविणे हा अधिकारातिक्रम होय. सार्वजनिक मालकीचा आग्रह धरणाऱ्यांनी हा भेद विसरता कामा नये.